लाइन डोक्यावर आहे, पण कागद कुठंय?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या पेपरात दर उन्हाळ्यात तारा घासून उसाचा फड पेटल्याच्या आणि दर पावसाळ्यात तार तुटून म्हैस नाहीतर माणूस गेल्याच्या बातम्या येतात, त्या मी वाचतो आणि कात्रणं काढून ठेवतो, कारण त्या माझ्या धंद्याला लागतात. मी तालुक्याच्या ठिकाणी दस्त लिहितो. खरेदीखत, हक्कसोड, वाटणीपत्र आणि मधल्या वेळात लोकांचे अर्ज. वकील नाही हे आधीच सांगतो, त्यामुळे खाली जे कायद्याचं लिहिलंय ते रोज कागद वाचून वाचून आलेलं आहे, कुणाला आपलं प्रकरण चालवायचं असेल तर वकील गाठावा. पण गेली दोनअडीच वर्षं माझ्या टेबलावर एकाच विषयाचे अर्ज इतके यायला लागलेत की आता लिहावंसं वाटलं. विषय म्हणजे आपल्या जागेवरून गेलेली विजेची लाइन हलवायची कशी, पैसे कुणी द्यायचे आणि वीज कंपनीने ऐकलंच नाही तर जायचं कुणाकडं.

सुरुवात माझ्यापासूनच करतो. 2011 साली मी तीन गुंठ्यांचा प्लॉट घेतला. सातबारा बघितला, फेरफार बघितले, तीस वर्षांचा सर्च घेतला, मोजणी मागवली, चारी बाजूच्या हद्दी पायाने चालून बघितल्या. वर बघितलं नाही. मागच्या कोपऱ्यावरून 11 केव्हीची, म्हणजे 11 हजार व्होल्टची, लाइन तिरकी गेलीय, तीन तारा, आणि त्या कोपऱ्यापासून दहाएक फुटांवर पोल आणि पोलाचा ताण, म्हणजे पोल ओढून धरणारी तिरकी तार, माझ्या हद्दीत रोवलेला. दस्त लिहिणारा माणूस, दुसऱ्याच्या खरेदीत शंभर चुका काढणारा, आणि स्वतःच्या खरेदीत हे! बायको अजून सुनावते. तळमजला बांधला तेव्हा अडचण आली नाही, लाइन उंच होती. आता मुलाचं लग्न ठरलंय, वर दोन खोल्या काढायच्यात, तर स्लॅबच्या वर आणि तारांच्या खाली जे अंतर उरतं ते बघून गवंडीच म्हणाला, दादा मी इथं सळई उभी करणार नाही.

गवंडी शहाणा होता. सेफ्टीच्या नियमांत 11 केव्हीसाठी इमारतीच्या सगळ्यात वरच्या भागापासून उभं अंतर 3.7 मीटर आणि आडवं 1.2 मीटर ठेवायला सांगितलंय. साध्या घरगुती लाइनीला, म्हणजे एलटीला, उभं 2.5 मीटर. वर खोल्या काढल्या की माझ्या बाबतीत जेमतेम दीड मीटर उरतंय. आणि सळई येते 12 मीटरची, म्हणजे चाळीस फूट, ती स्लॅबवर फिरवताना एकदा टोक वर गेलं की संपलं, त्याला तारेला टेकायचीसुद्धा गरज नसते.

तर मी रीतसर अर्ज केला की लाइन माझ्याच जागेच्या कडेने न्या, नाहीतर वर उचला. महिनाभराने एस्टिमेट हातात आलं, 2 लाख 80 हजाराच्या आसपास. चार नवे पोल, नवीन तार, नवीन फिटिंग, मजुरी, वर सुपरव्हिजन. कंपनीचे साहेब म्हणाले भरा आणि काम सुरू, नाहीतर कोर्टात जा. बोलायला माणूस वाईट नाही, चहा पाजला, पण त्याच्याकडे बोलायला ही दोनच वाक्यं होती. आणि माझ्या टेबलावर येणारा प्रत्येक माणूस हीच दोन वाक्यं ऐकून आलेला असतो, मग तो एक तर कर्ज काढून भरतो, नाहीतर दिवाणी दावा लावून पाच वर्षं तारखा करतो, नाहीतर तिसरं म्हणजे काहीच न करता तारेखाली बांधून मोकळा होतो. या तिसऱ्यातलेच पुढे कात्रणात येतात.

मी त्या एस्टिमेटमध्ये एक गोष्ट शोधली ती सापडली नाही. जुन्या तारेचं आणि जुन्या पोलांचं काय? ते उतरवून कंपनी घेऊन जाणार, अॅल्युमिनियमला भाव आहे, लोखंडाला आहे. आता बघा, लाइन आधी आणि बांधकाम नंतर असेल तर फेरबदलाचा खर्च बांधणाऱ्यावर येतो हे खरंय, ते मी नाकारत नाही. 1956 च्या वीज नियमांत 82 नंबरला हे होतं आणि 2010 च्या सेफ्टी नियमांत 63 नंबरला आलं, 2023 ला ते सगळे नियम नव्याने आलेत तेव्हा अर्ज लिहिताना चालू नंबर बघून घ्यावा. पण त्याच नियमात पुढे काय लिहिलंय ते कुणी वाचून दाखवत नाही. खर्च धरताना जुन्या लाइनीतून निघणाऱ्या मालाची घसारा वजा जाता जी किंमत होईल ती वळती करायची, मग मजुरी, आणि सुपरव्हिजन धरायचं ते त्या मजुरीच्या 15 टक्क्यांपर्यंत. मजुरीच्या! अख्ख्या बिलाच्या नाही. आणि आकडा मान्य नसेल, किंवा आकडा सोडा, पैसे भरायची जबाबदारी आपली आहे हेच मान्य नसेल, तर तो वाद विद्युत निरीक्षकाकडे जातो आणि त्याचा निर्णय अंतिम. विद्युत निरीक्षक हे सरकारचं ऑफिस, कंपनीचं नाही. लोकांना वाटतं हा माणूस फक्त लिफ्ट आणि गणपती मांडवाचं वायरिंग तपासायला असतो.

म्हणजे कंपनीचं एस्टिमेट हा शेवटचा शब्द नव्हे, एवढं जरी कुणी कळवलं असतं तरी माझ्याकडच्या निम्म्या लोकांची झोप वाचली असती.

आता याच्याही आधीचा प्रश्न, जो मला दस्तवाला म्हणून जास्त छळतो. लाइन माझ्या जागेत आली कोणत्या कागदावर? मी विचारलं. उत्तर आलं, जुनी आहे. किती जुनी? खूप जुनी. माहितीच्या अधिकारात अर्ज टाकला की लाइन कधी उभारली, कोणत्या कायद्याखाली, तेव्हाच्या मालकाची संमती होती का, भरपाई दिली का, तर उत्तर आलं की अभिलेख आढळून येत नाही. सातबाऱ्यावर बघावं तर इतर हक्कात सोसायटीचा बोजा आहे, विहिरीतला चार आणे हिस्सा आहे, पाइपलाइन आहे, कुळाची जुनी नोंद आहे, शंभर वर्षांपूर्वीचं वहिवाटीचं भांडण आहे, पण डोक्यावरून 11 हजार व्होल्ट गेलेत त्याचा एक शब्द नाही. विहिरीतल्या चार आण्याने माणूस मरत नाही हो.

आणि हा कागद असणं नसणं ही नुसती माझी खाज नाही, त्याच्यावर पुढचं सगळं ठरतं. आपल्याकडे लाइन टाकायचे मुख्य दोन रस्ते आहेत. एक म्हणजे वीज कायदा 2003 चं कलम 164. सरकार आदेश काढून कंपनीला 1885 च्या तार कायद्यातले अधिकार देऊ शकतं. ते अधिकार असले की मालकाची संमती लागत नाही. पॉवरग्रिड विरुद्ध सेंच्युरी टेक्स्टाइल्स या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने डिसेंबर 2016 मध्ये हे स्पष्ट सांगितलंय, छत्तीसगडमधली चुनखडीच्या खाणीची जमीन होती ती, म्हणजे समोर कुणी दीड एकरवाला शेतकरी नव्हता, मोठी कंपनी होती, तरी तिचं चाललं नाही. दुसरा रस्ता म्हणजे असा आदेश नसेल तर 2006 चे लायसन्सधारकाच्या, म्हणजे वीज कंपनीच्या, कामांचे नियम. त्यातल्या तिसऱ्या नियमात मालकाची किंवा कब्जेदाराची आधी संमती घ्या आणि त्याने हरकत घेतली तर जिल्हादंडाधिकाऱ्याची, म्हणजे कलेक्टरची, लेखी परवानगी आणा असं आहे, शहरात जिथं पोलीस आयुक्त आहे तिथं आयुक्ताची. परवानगी देताना भरपाई किंवा वार्षिक भाडं किंवा दोन्ही ठरवायचंय. भाडं! हा शब्द मी माझ्या टेबलावर मोठ्याने वाचला तेव्हा बसलेली चार माणसं हसली.

जुन्या लाइनींचं आणखी वेगळं. तेव्हा 1910 चा कायदा होता, त्यातही संमती नाहीतर कलेक्टर असंच होतं, आणि 1948 च्या कायद्याच्या 42 कलमात मंजूर स्कीमसाठी तार कायद्याचे अधिकार मिळायची सोय होती. तेव्हा तुमच्या शेतातला पोल कोणत्या दाराने आत आला हे कागदाशिवाय कळत नाही, आणि कागद आढळून येत नाही.

तार कायद्याची गंमत सांगतो. देशातली तार सेवा जुलै 2013 ला बंद झाली, शेवटची तार करायला लोक पोरंबाळं घेऊन गेले होते, टीव्हीवर दाखवलेलं. नंतर 2023 ला नवा टेलिकम्युनिकेशन कायदा आला, त्यात हा 1885 चा कायदा रद्द करायचं लिहिलं, पण त्याचा तिसरा भाग विजेच्या लाइनींपुरता चालू राहील असंही त्याच कायद्यात लिहून ठेवलं. म्हणजे तार गेली, तारमास्तर गेला, इंग्रज तर कधीचाच गेला, आणि त्यांचा कायदा आमच्या उसात उभा आहे.

पण खरं सांगू का, तो कायदा वाचला तर इतका वाईट नाही. म्हणजे साहेब लोक सांगतात त्याच्यापेक्षा तो बरा आहे. दहाव्या कलमात आहे की लाइन टाकणाऱ्याला जमिनीत फक्त वापराचा हक्क, बाकी कसला नाही, नुकसान कमीत कमी करायचं आणि जे होईल त्याची पूर्ण भरपाई द्यायची. भरपाई कमी वाटली तर सोळाव्या कलमाखाली जिल्हा न्यायाधीशाकडे जाता येतं. आणि सतरावं कलम तर आमच्याच साठी आहे. मालकाला आपली जागा अशा रीतीने वापरायची असेल की लाइन हलवणं गरजेचं किंवा सोयीचं होईल, तर तो लाइन त्याच जागेच्या दुसऱ्या भागात न्यायला, वर घ्यायला, खाली घ्यायला किंवा तिचं रूप बदलायला सांगू शकतो. ऐकलं नाही तर जिल्हादंडाधिकाऱ्याकडे अर्ज. तो नाकारेल, किंवा मंजूर करेल, किंवा अटी घालून मंजूर करेल, त्याचा आदेश अंतिम.

यात पैशाचं जे वाक्य आहे ते मी निदान वीस वेळा वाचलंय. दहाव्या कलमाखाली भरपाई दिलेली असेल, तर मालकाने मागणी करतानाच लाइन हलवायचा खर्च किंवा मिळालेल्या भरपाईची निम्मी रक्कम, यातलं जे कमी असेल ते पुढे करायचं. जे कमी असेल ते! आणि भरपाई दिलीच नसेल तर? तर ही अट लागू होत नाही असा मला तरी सरळ मराठीत अर्थ लागतो. आता यावर कंपनीचा वकील म्हणेल की तो सेफ्टीचा नियम वेगळा आहे आणि बांधकाम तू नंतर करतोयस, आणि त्याच्या म्हणण्यात दम आहे, कदाचित शेवटी मलाच भरावे लागतील. पण मग हा वाद कलेक्टर नाहीतर निरीक्षकापुढे होऊ दे ना. टेबलावर साहेबाने चहा पाजून तो निकाली काढायचा विषय नाही.

2006 च्या नियमांतसुद्धा असंच दार आहे. लाइन, पोलाचा आधार किंवा ताण जागेत बसवलेला असेल आणि मालकाने पुरेसं कारण दाखवलं तर जिल्हादंडाधिकारी तो काढायचा किंवा बदलायचा लेखी हुकूम कधीही देऊ शकतो. ताणाचा शब्द नियमात आहे हे बघून मला बरं वाटलं, कारण आमच्याकडे अर्ध्या भांडणांचं मूळ पोल नसतो, ताण असतो. पोल बांधावर आणि ताण शेजाऱ्याच्या सरीत. बैल अडकतो, ट्रॅक्टरचा फाळ अडकतो, रात्री पाणी पाजायला गेलेला माणूस त्याच्यात अडकून तोंडावर पडतो.

आता जरा आपल्या लोकांबद्दल, कारण सगळा दोष कंपनीवर ढकलून पत्र संपवणं सोपं आहे. लाइन हलवायची म्हणजे बहुतेक लोकांच्या मनात काय असतं, तर ती दुसऱ्याच्या डोक्यावर न्यायची. वरच्या सतराव्या कलमातले शब्द परत बघा, त्याच जागेच्या दुसऱ्या भागात. शेजाऱ्याच्या गटात नेता येईल असं त्यात कुठेही नाही. पण आमच्याकडे होतं काय की ज्याची ओळख आहे तो आपल्या प्लॉटिंगमधली लाइन पैसे भरून पलीकडच्या विधवा बाईच्या वीस गुंठ्यात सरकवतो, पोल सकाळी उभा दिसतो, आणि ती बाई पदर खोचून माझ्याकडे हरकतीचा अर्ज लिहायला येते. एकदा तर असं झालं की लाइन हलवायचा अर्जही मीच लिहिला होता आणि त्यावरची हरकतही मीच लिहिली. दोघांकडून पैसे घेतले, एवढं प्रामाणिकपणे सांगतो, पण हरकत जास्त मन लावून लिहिली. त्या आक्कांचं म्हणणं एकाच ओळीचं होतं, लाइन त्याला नको तर मला का? मी त्यात एक अक्षर बदललं नाही.

त्यात भावाभावांचं वेगळंच. वाटणीपत्र लिहिताना दोन भावांत एक एकर इकडं एक एकर तिकडं, सारखं वाटतं, पण एकाच्या एकरातून मधोमध लाइन गेलेली असते. पहिली दहा वर्षं कुणाच्या लक्षात येत नाही कारण खाली भुईमूग आणि सोयाबीन असतं. रस्ता रुंद झाला, जागेला बिगरशेतीचा भाव आला, की मग लाइनवाला भाऊ म्हणतो मला फसवलं. आणि फसवलंच असतं हो, फक्त कुणी मुद्दाम नाही. केरळच्या वीज मंडळाच्या एका केसमध्ये, केएसईबी विरुद्ध लिविशा, 2007 साली सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की भरपाई ठरवताना जमीन कुठे आहे, लाइन कडेने जाते की मधोमध जाते, किती जागा अडते, जमिनीचा भाव काय, हे सगळं बघायचं, सरसकट एक फुटपट्टी लावायची नाही. हे वाचल्यापासून मी वाटणीपत्रात लाइन लिहितो. पूर्वेकडील एकरातून अमुक केव्हीची लाइन जाते, पोल इतके, ताण इतके, आणि तिची भरपाई कधी मिळाली तर कुणी घ्यायची. पहिल्यांदा लोक म्हणाले हे काय नवीन काढलं. आता मागून लिहून घेतात.

मोठ्या टॉवरच्या लाइनींचं बरं चाललंय असं मी म्हणणार नाही, तिथेही आंदोलनं होतात, पण निदान तिथे कागदावर आकडा तरी आहे. केंद्राच्या ऊर्जा मंत्रालयाने ऑक्टोबर 2015 मध्ये टॉवरच्या पायाखालच्या जागेला जमिनीच्या किमतीच्या 85 टक्के आणि तारांखालच्या पट्ट्याला 15 टक्क्यांपर्यंत असं सुचवलं होतं, जून 2024 मध्ये ते 200 टक्के आणि 30 टक्के केलं, आणि मार्च 2025 मध्ये शहरांच्या बाबतीत पट्ट्याचा टक्का आणखी वाढवला, नगरपालिका-नगरपंचायतीत 45 आणि महापालिका व महानगरात 60. त्या पट्ट्याची रुंदीही ठरलेली आहे. हे सगळं 66 केव्ही आणि त्याच्या वरच्या लाइनींसाठी. आमच्या गावातून जाणाऱ्या 11 आणि 33 ला यातलं काही लागू नाही. आता तीन गुंठ्यांच्या प्लॉटवरून 11 केव्ही गेली तर प्लॉटवाल्याचं जितकं नुकसान होतं तितकं दहा एकरवाल्याचं टॉवरने होतं का? मला नाही वाटत. दहा एकरवाला टॉवरच्या खाली ऊस लावतो. मी तारेच्या खाली काय लावू, तुळस?

काही वकील मंडळी रागावतील पण हेही लिहितो. लाइनीविरुद्ध मनाई हुकुमाचा दावा तालुक्याच्या कोर्टात लावायचा आणि वर्षानुवर्षं चालवायचा, मग शेवटी ऐकायचं की याला कायद्यात वेगळी यंत्रणा आहे, तिकडे जा. पक्षकाराने मधल्या काळात घातलेले पैसे मोजले तर लाइन दोनदा हलली असती. ज्याचं खरंच हायकोर्टात जाण्यासारखं आहे त्याच्यासाठी ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला सर्किट बेंच झालंय, आमच्या कृष्णाकाठच्या माणसाचं मुंबईला जाणं वाचलं, ते चांगलंच झालं. पण तिथेही पहिला प्रश्न हाच विचारणार ना की कलेक्टरकडे अर्ज केला होता का, निरीक्षकाकडे गेला होता का.

आणि उंचीचं एक. प्रत्येक वेळी लाइन हलवावी लागतेच असं नाही. माझ्या अनुभवात दहातल्या तीन चार जागी रडगाणं झोळाचं असतं. दोन पोलांत अंतर जास्त, तार वीस वर्षांची, उन्हाळ्यात लोंबून खाली आलेली. शेतातून जाणारी 11 केव्हीची उघडी तार जमिनीपासून 4.6 मीटरच्या वर पाहिजे आणि रस्ता ओलांडणारी 6.1 मीटरच्या वर. काठी घेऊन मोजायला जाऊ नका कृपा करून, लांबूनच दिसतं. मधे एक पोल टाकला, तार ताणून घेतली, की प्रश्न संपतो, आणि हा देखभालीचा भाग आहे, याचं एस्टिमेट शेतकऱ्याच्या हातात द्यायचं कारण नाही. इथं मात्र लोकांनी शिफ्टिंगचा अर्ज करूच नये. एकदा शिफ्टिंग हा शब्द अर्जात पडला की पैसे तुमचे. मी अर्जात लिहितो, लाइनची जमिनीपासून उंची नियमापेक्षा कमी झाली आहे ती नियमानुसार करावी, आणि प्रत विद्युत निरीक्षकाला. बऱ्याच वेळा काम झालंय, महिन्या दोन महिन्यांत, एक रुपया न भरता. आणि नाही झालं आणि पुढे काही वाईट घडलं तर तो शिक्का मारलेला अर्ज घरच्यांच्या कामाला येतो. मध्य प्रदेशात रस्त्यावर पडलेल्या तारेने सायकलवरून जाणारा माणूस गेला होता, त्यात 2002 साली सुप्रीम कोर्टाने सांगितलं की इतकी धोकादायक वस्तू चालवणारा तिच्यापासून झालेल्या हानीला जबाबदार, निष्काळजीपणा सिद्ध करायची गरज नाही, दुसऱ्या कुणी तार टाकून चोरी केली होती ही सबबसुद्धा चालली नाही.

उलट बाजूनेही बोललं पाहिजे. लाइन दिसत असताना स्वस्तात प्लॉट घ्यायचा, बिल्डरने मुद्दाम लाइनीखालचा प्लॉट पाच टक्के कमी भावाने विकलेला असतो, त्याच्यावर परवानगी नसताना मजला चढवायचा आणि मग कंपनीने फुकट हलवावं म्हणून उपोषणाला बसायचं, हे मला पटत नाही. लेआउट मंजूर करतानाच लाइनीखालचा पट्टा मोकळा ठेवला पाहिजे, आणि बरेचदा नकाशात तो मोकळा असतोही, ओपन स्पेस म्हणून, नंतर तिथे मंदिर येतं किंवा पुढाऱ्याचं संपर्क कार्यालय येतं.

माझी मागणी खरंतर फार मोठी नाही. सातबाऱ्याच्या इतर हक्कात आणि शहरात प्रॉपर्टी कार्डावर लाइनीची नोंद घ्या, किती केव्ही, कधीपासून, कोणत्या आदेशाने, भरपाई दिली की नाही. तलाठ्याला, म्हणजे आता ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं त्यांना, पीकपाहणीला शेतात जावंच लागतं, ई-पीक पाहणीत तर शेतकरी स्वतः शेताचा फोटो काढतो, त्या फोटोत मागे पोल आलेलाच असतो! विहीर लागते, बोअर लागतो, झाडं लागतात, पोल का लागत नाही? नोंद झाली की प्लॉट घेणारा वर बघेल, बँक बघेल, वाटणी करणारा बघेल, आणि नोंद करताना कंपनीला आदेश दाखवावा लागेल, तिथेच अर्ध्या लाइनींचा पोकळपणा बाहेर येईल. बहुतेक म्हणूनच होत नसावी. दुसरं म्हणजे एस्टिमेटच्या कागदावर खाली एक ओळ छापा की ही रक्कम किंवा जबाबदारी मान्य नसल्यास विद्युत निरीक्षकाकडे दाद मागता येईल. वीजबिलाच्या मागे तक्रार कुठे करायची ते बारीक अक्षरात छापतातच की, मग इथे का नको.

माझं पुढे काय झालं म्हणाल, तर मी पैसे भरले नाहीत. निरीक्षकाकडे एस्टिमेटचा वाद टाकलाय, जुन्या मालाची वळती मागितलीय. कलेक्टर ऑफिसला अर्ज घेऊन स्वतः गेलो, तार कायद्याचं कलम 17 आणि 2006 चा नियम 3 दोन्ही लिहिले कारण कोणत्या दाराने लाइन आली ते मला कंपनीनेच सांगितलेलं नाही. आवक टेबलावरच्या भाऊसाहेबांनी अर्ज उलटा पालटा करून बघितला, तार कायदा म्हणजे टेलिफोनचं ना, मग बीएसएनएलला द्या म्हणाले. मी कलम काढून दाखवलं. त्यांनी ते खरंच नीट वाचलं, मग आत जाऊन आले, म्हणाले असा अर्ज कोणत्या शाखेला जातो ते बघून सांगतो, बसा. मी बसलो. दीड तासाने शिक्का मारून पोच दिली आणि माझा नंबर लिहून घेतला, आणि हळूच विचारलं की त्यांच्या सासऱ्यांच्या शेतातही एक पोल आहे बांधाच्या आत, त्याला हेच कलम चालेल का. मी म्हणलं, कागद काय आहे ते आधी शोधा.

आपला,
कृष्णाकाठचा एक दस्तलेखक आणि जुना वाचक
(नाव पत्ता पत्रासोबत वेगळा दिलाय, छापू नये. याच ऑफिसात रोज जायचंय.)